एका ओढीत उसवणारी शिवण

धाकटी आणि तिचा नवरा तान्ह्या ठकीचा फोटो काढायला म्हणून स्टुडिओत गेले, तर फोटोवाल्याने आधी नियमच ऐकवले. तोंड मिटलेलं पाहिजे. डोळे उघडे पाहिजेत. दोन्ही कान दिसले पाहिजेत. मागे पांढरं पाहिजे. आणि सगळ्यांत महत्त्वाचं म्हणजे फोटोत दुसरं कुणी नको, दुसऱ्याचं बोटसुद्धा नको.

ठकीला तर अजून धड बसताही येत नव्हतं. उशीला टेकवलं की ती आधी डावीकडे कलायची, मग उजवीकडे, आणि शेवटी पालथी पडून स्वतःवरच खूश व्हायची.

"मग हिला धरायचं कुणी?" धाकटीने विचारलं.

"तुम्हीच धरायचं, ताई. फक्त दिसायचं नाही."

धाकटी स्टुलावर बसली. फोटोवाल्याने तिच्या डोक्यावरून पांढरी चादर टाकली आणि ठकीला चादरीवरून तिच्या मांडीवर ठेवलं. स्वतःच्याच लेकीची खुर्ची होऊन, चादरीआडून तिच्या बरगड्या धरून, धाकटी घामाघूम बसून राहिली. बाहेर काय चाललंय ते तिला फक्त ऐकू येत होतं. तिचा बेकरीवाला नवरा कॅमेऱ्यामागे उभा राहून आधी मांजर झाला, मग कोंबडा झाला, मग आगगाडी झाला. ठकी दर वेळी खदाखदा हसली. म्हणजे दर वेळी तोंड उघडं.

"अहो, हसवू नका हो तिला!" फोटोवाला वैतागला.

"मग काय करू? रडवू?"

शेवटी बेकरीवाला दमला. तो पहाटेपासून भट्टीसमोर उभा होता, भुवयांत पीठ तसंच होतं. हात खाली सोडून तो नुसता बघत उभा राहिला. आपला बाप असा गप्प कसा झाला, याचं ठकीला एवढं नवल वाटलं की तिने तोंड मिटलं आणि डोळे मोठ्ठे केले. तेवढ्यात क्लिक झालं.

हा सगळा खटाटोप एका पुस्तिकेसाठी होता. ज्या देशातून ते जीव घेऊन निघाले होते, तो त्यांना पासपोर्ट देणार नव्हता. आणि ज्या देशात राहत होते, तो 'राहा' म्हणत होता, पण 'आमचे आहात' असं म्हणायला अजून तयार नव्हता. अशा मधल्या माणसांसाठी हा देश प्रवासाची एक पुस्तिका देतो. दिसायला पासपोर्टसारखीच; फक्त मुखपृष्ठाच्या कोपऱ्यात दोन तिरप्या रेघा असतात. त्या रेघा बघून जाणत्याला कळतं की या माणसाच्या पाठीशी कुठला राजा नाही, नुसता देशादेशांतला एक करार आहे.

धाकटीला ती पुस्तिका हवी होती आईसाठी. आईच्या घरातली ती सगळ्यांत लहान, म्हणून धाकटी. ते नाव तिच्याबरोबर सासरीही आलं होतं. निघायच्या वेळी ज्याला जी वाट सापडली, त्या वाटेने तो गेला. धाकटी नवरा आणि सासूबरोबर इकडे आली, आणि आई दादाबरोबर भलत्याच देशात जाऊन पोचली. दादाला तिकडे कामही मिळालं. पण आईच्या अर्जाचा निकाल अजून लागला नव्हता, आणि तो लागेपर्यंत तिला तिथून पाऊल बाहेर टाकायला मनाई होती. म्हणजे जायचं झालं तर धाकटीनेच. दरम्यान ठकी जन्मली, तिला जावळ आलं, पहिला दात आला, आणि आईने हे सगळं फोनच्या काचेतून पाहिलं. ती काचेला ओठ लावून नातीचा मुका घ्यायची, तेव्हा इकडे ठकीला पडदाभर फक्त आजीची हनुवटी दिसायची.

"हिचं डोकं कसं लागतं गं हाताला?" आईने एकदा विचारलं होतं. "मऊ, का टणक?"

त्यानंतर धाकटी कितीतरी वेळ ठकीच्या टाळूवर हात ठेवून बसली होती. हे फोनवर कसं सांगायचं?

पुस्तिका आल्या तेव्हा सासूबाईंनी हात धुऊन, पदराला पुसून मगच त्या हातात घेतल्या. एक धाकटीची, एक ठकीची. ठकीच्या फोटोत तिचे डोळे असे वटारलेले होते की जणू अधिकाऱ्यालाच ती काहीतरी विचारतेय.

"काय लिहिलंय वाच बरं," सासूबाई म्हणाल्या.

बेकरीवाल्याने वाचलं. ही पुस्तिका सगळ्या देशांसाठी चालेल, एक सोडून. त्या एका देशाचं नाव पुढे छापलं होतं.

सासूबाईंनी त्या नावावर बोट ठेवलं. "म्हणजे अख्खं जग फिरा, फक्त घरी जाऊ नका."

बेकरीवाल्याने पुस्तिका मिटली. मग त्याच म्हणाल्या, "असू दे. आधी आईकडे जाऊन ये. जगाचं नंतर बघू."

व्हिसा मिळाला तो मोजक्या दिवसांचा. त्या दिवसांत दादाने रजा टाकली, धाकटीने तिकीट काढलं. ती कपडे दुरुस्तीच्या दुकानात काम करायची: पँटी आखूड करायच्या, चेन बदलायच्या, लोकांची पोटं वाढली की शिवणी सैल करायच्या. दुकानाच्या मालकीणबाईंनी रजा दिली आणि वर विचारलं, "माहेरी चाललीस वाटतं?"

हा शब्द धाकटीने कितीतरी दिवसांत ऐकला नव्हता. जिथे आपण कधी पाऊल ठेवलं नाही, ज्या गावातली एक गल्ली ठाऊक नाही, त्या ठिकाणाला माहेर म्हणायचं? पण आई तिथे होती. "हो," ती म्हणाली, "माहेरी."

बेकरीवाल्याला रजा नव्हती; पाव कुणासाठी थांबत नाही. आणि सासूबाईंनी तर आधीच कानावर हात ठेवले होते. "सीमा बिमा मी आता ओलांडायची नाही. एकदा ओलांडली तेवढी बास."

त्या एकदाची गोष्ट घरात इतक्या वेळा सांगून झाली होती की ठकीलाही पाठ झाली असेल. निघताना सगळ्यांचे कागद सासूबाईंनी कपड्याच्या अस्तरात शिवले होते. सासूबाईंचा मशीनवर विश्वास नव्हता. त्यांच्याकडे क्रोशाची एक जुनी सुई होती, आकड्याची, आणि तिने त्या साखळीसारखा एक टाका घालायच्या. वरून बघाल तर साधी शिवण. पण तिचं नेमकं टोक सापडलं आणि ओढलं, की अख्खी शिवण सर्रकन उसवायची. न कात्री, न ब्लेड. लपवायचं तर घट्ट, आणि काढायचं तर क्षणात. ते कागद त्यांनी लेकाच्या कोटात घातले होते आणि त्यालाच सांगितलं नव्हतं. त्याने वाटेत तो कोट उशाला घेतला, चिखलात लोळवला, आणि एकदा तर पावाच्या बदल्यात देऊनच टाकत होता.

"तेव्हा आईने अशी किंकाळी फोडली," बेकरीवाला सांगायचा, "की पाववाल्याने पाव फुकट दिला."

यावर सगळे हसायचे. सासूबाईही हसायच्या. पण का सांगितलं नव्हतं, हे कुणी विचारायचं नाही, आणि त्याही सांगायच्या नाहीत.

निघायच्या दिवशी सकाळी सासूबाई सगळ्यांच्या आधी उठल्या. ठकीचं जाड, रुईभरलं जॅकेट त्यांनी स्वतः तिला चढवलं, गळ्यापर्यंत बटणं लावली, आणि लेकाला बजावलं, "हे काढायचं नाही. वाटेत नाही, तिथे नाही. वारं बाधतं पोरीला."

"आई, बाहेर ऊन पडलंय."

"मी काय सांगते? काढायचं नाही म्हणजे नाही. आणि धाकटे, कागद अंगावर आहेत ना?"

"आहेत, अहो आई." धाकटीने पोटाशी बांधलेली पट्ट्याची पिशवी चाचपली. दोन ताठ कडा हाताला लागल्या. सासूबाईंनी समाधानाने मान हलवली.

बेकरीच्या पाव पोचवायच्या गाडीतून निघाले. गाडीत गरम पावाचा वास होता आणि पिठाची धूळ होती, आणि पावांसाठी गाडी उबदार ठेवलेली असल्यामुळे ठकी थोड्याच वेळात लालबुंद झाली. आधी कुरकुरली, मग भोकाड पसरलं.

"काढ ते जॅकेट," बेकरीवाला म्हणाला.

"आईंनी सांगितलंय ना?"

"आई इथे आहे का? पोरगी शिजतेय."

जॅकेट निघालं. ठकी लगेच गप्प झाली आणि बापाचा कान ओढायला लागली. वाटेत धाकटीने पोटाशी हात नेऊन पिशवी चाचपली. पुन्हा चाचपली. सिग्नलला चाचपली.

"पळून नाही जात त्या," नवरा म्हणाला.

विमानतळाच्या दाराशी गाडी थांबवायला परवानगी नव्हती. त्याने सामान उतरवून दिलं, ठकीच्या गालावर गाल घासला, गालाला पीठ लागलं, ते पुसायचं राहिलं. मागून हॉर्न वाजायला लागले. "पोचलीस की फोन कर," एवढं म्हणून तो गेला.

रांग मोठी होती. धाकटी काउंटरशी पोचली तेव्हा तिच्या मागे फारसं कुणी उरलं नव्हतं. काउंटरवरची मुलगी तरुण होती, गळ्याला रुमाल, केस चापूनचोपून बसवलेले. ठकीकडे बघून ती हसली. "पासपोर्ट?"

"पासपोर्ट नाही, पण..." धाकटीने हे वाक्य घरी आरशासमोर म्हणून बघितलं होतं. "आमच्याकडे प्रवासाची पुस्तिका असते. तीच चालते. त्यावर व्हिसा आहे."

"द्या ना."

धाकटीने पिशवीची चेन उघडली, आत हात घातला, आणि काउंटरवर दोन वस्तू ठेवल्या.

त्या बिस्किटाच्या खोक्यातून कापलेल्या पुठ्ठ्याच्या दोन घड्या होत्या. पुस्तिकेच्या अगदी मापाच्या. एकीवर अर्धं बिस्कीट छापलेलं होतं.

काउंटरवालीने पुठ्ठ्याकडे पाहिलं. मग धाकटीकडे पाहिलं. धाकटीने पिशवी उलटी केली. एक टोपण पडलं, एक लाळेरं पडलं. बस.

ठकीने हात लांब करून बिस्किटाचं चित्र तोंडात घातलं.

धाकटीने रिकामी पिशवी पुन्हा झटकली. चोरी झाली? मग चोराने पुठ्ठे कापून ठेवले? इतक्या मापाचे? आणि मग तिच्या डोक्यात लख्ख उजेड पडला. असं मापात कापणारा हात तिच्या ओळखीचा होता.

तिने फोन लावला. सासूबाईंचा फोन वाजत राहिला. चोरीला जाऊ नये म्हणून त्या तो टॉवेलात गुंडाळून कपाटात ठेवायच्या. वाजून बंद झाला. पुन्हा लावला.

"पोचलीस का?" सासूबाई म्हणाल्या. "ठकीने दूध घेतलं?"

"अहो आई, पुस्तिका कुठे आहेत?"

"हळू बोल. जवळ कोण आहे?"

"अख्खा विमानतळ आहे!"

"मग सांगत नाही."

"आई!" धाकटीचा आवाज फुटला. "मी काउंटरवर उभी आहे, आणि माझ्या हातात बिस्किटाचं खोकं आहे!"

पलीकडे दार लोटल्याचा आवाज आला. मग सासूबाई अगदी हळू, जणू भिंतींना कान असावेत अशा आवाजात म्हणाल्या, "ठकीच्या पाठीत."

"काय?"

"जॅकेटच्या. अस्तराच्या आत. तुला सांगितलं असतं तर वाटभर तुझा हात तिथेच गेला असता. माणसाचा हात कुठे जातो, ते चोर बघतो, पहारेवाला बघतो. ज्याच्या अंगावर कागद असतात त्याला सांगायचं नसतं. म्हणून तर त्या कोटाचंही मी..." त्या थांबल्या. "पिशवीत काही हाताला लागायला हवं ना, म्हणून पुठ्ठा घातला. तू पिशवी चाचपत राहिलीस ना?"

राहिली होती. सिग्नलसिग्नलला राहिली होती. धाकटीला रागवायला जागाच सापडेना.

"पण आई," ती म्हणाली, "जॅकेट गाडीत आहे."

यावर पलीकडून सासूबाईंनी कपाळावर हात मारल्याचा आवाज आला.

नवऱ्याचा फोन लागत होता, पण तो उचलत नव्हता. गाडी चालवताना फोन घ्यायचा नाही, ही बेकरीच्या मालकाची सक्त ताकीद. धाकटी पुन्हा पुन्हा लावत राहिली. काउंटरवाली मधूनच पडद्याकडे, मधूनच तिच्याकडे बघत होती. "ताई, काउंटर बंद होत आलाय," ती शेवटी म्हणाली. आवाजात दटावणं नव्हतं, उलट तीच ओशाळली होती. "उद्याच्या विमानाचं बघायचं का?"

उद्याचं तिकीट म्हणजे नवीन तिकीट. आणि व्हिसाचे दिवस रबरासारखे ताणता येत नाहीत. पुन्हा अर्ज, पुन्हा वाट. तोवर ठकी चालायला लागेल, आणि आई पुन्हा काचेतूनच विचारेल, पाय कसे टाकते गं?

"थोडं थांबा," धाकटी म्हणाली. दुसरं काय म्हणणार?

तेवढ्यात मोठ्याने कुणीतरी ओरडलं, "अगं ए! धाकटे!"

बेकरीवाला धावत येत होता. अंगात बेकरीचा एप्रन, एका हातात ठकीचं पिवळं जॅकेट झेंड्यासारखं धरलेलं. वाटेतली माणसं बाजूला होत होती, कारण तो जिथून जाईल तिथे पीठ उडत होतं.

"जॅकेट राहिलं!" तो धापा टाकत म्हणाला. "पुलापर्यंत गेलो होतो. मग सीटवर दिसलं. म्हटलं, आईला कळलं की हे काढलं, तर मला घरात घ्यायची नाही. वळवली गाडी. तू रडतेस का? अगं, जॅकेटच राहिलं ना?"

धाकटीने उत्तर न देता जॅकेट हिसकावलं, काउंटरवर पालथं घातलं आणि अस्तर उलटं केलं. आता तिच्या शिवणकामाला सरावलेल्या बोटांना कळलं: खालच्या कडेला कारखान्याची शिवण नव्हती. साखळीचे बारीक टाके होते, एकसारखे, देखणे. आत काहीतरी ताठ लागत होतं.

तिने एक टोक धरून ओढलं. शिवण उसवायच्या ऐवजी आवळली. पुन्हा ओढलं. आणखी आवळली.

काउंटरवालीने खणातून कात्री काढून पुढे केली. "घ्या."

"नको!" धाकटीने हात मागे घेतला. "पानाला चीर गेली तर पुस्तिका रद्द होईल. कापायचं नाही."

"सर, तुम्ही मागे..." काउंटरवाली म्हणायला लागली, कारण बेकरीवाला आता काउंटरवर ओणवा झाला होता.

"दे इकडे," तो म्हणाला. "रोज पिठाची पोती उघडतो मी. पोत्याच्या तोंडाला हाच टाका असतो. गाठीकडून ओढलंस की आवळतो. मोकळी शेपटी शोधायची." त्याची पिठाळ बोटं शिवणीवरून सरकली, दुसऱ्या टोकाला थांबली, आत दुमडलेलं इवलंसं टोक नखाने बाहेर काढलं. आणि त्याने ओढलं.

सर्रकन.

अख्खी शिवण एका ओढीत उसवली. अस्तराचं तोंड उघडलं आणि त्यातून, प्लॅस्टिकमध्ये गुंडाळलेल्या, वर रबर लावलेल्या, दोन्ही पुस्तिका काउंटरवर येऊन पडल्या. कोपऱ्यातल्या दोन तिरप्या रेघांसकट.

काउंटरवालीने नकळत टाळी वाजवली. मग आजूबाजूला बघून हात खाली घेतले.

बेकरीवाला मात्र जॅकेटकडे बघत उभा होता. हातात तो लांबच लांब दोरा. "माझ्याही कोटात असाच होता," तो हळूच म्हणाला. "तेव्हा वाटलं होतं, आईचा माझ्यावर भरवसा नाही."

"तुझ्या हातावर नव्हता," धाकटी म्हणाली. "तुझ्यावर होता. म्हणून तर तुझ्या पाठीत घातले."

आता काउंटरवालीची पाळी होती. तिने पुस्तिका उघडली, टाइप करायला लागली, आणि अडली. "इथे देश टाकायचा असतो. तुमच्या पुस्तिकेत देशाच्या जागी ही तीन अक्षरं आहेत. हा देश मला यादीत सापडत नाहीये."

"तो देश नाहीच," धाकटी म्हणाली.

मुलीने हात करून कुणालातरी बोलावलं. चष्मा कपाळावर चढवलेल्या, पायांत आरामाच्या चपला घातलेल्या एक बाई आल्या. त्यांनी पुस्तिका घेतली, कोपऱ्यातल्या रेघा पाहिल्या, व्हिसाचं पान काढलं, तारखा पाहिल्या. मग ठकीचा फोटो पाहिला, आणि समोरची ठकी पाहिली. ठकीने अगदी फोटोतल्यासारखेच डोळे वटारले.

"हीच ती," बाई म्हणाल्या. आणि मुलीला सांगितलं, "चालतं हे. देशाच्या जागी हीच तीन अक्षरं टाक, जशीच्या तशी. यंत्र घेतं." जाता जाता वळून म्हणाल्या, "पहिल्यांदा मलाही नव्हतं सापडलं."

यंत्राने घेतलं. खरखर करत दोन कागद बाहेर आले. बॅग पट्ट्यावर पडली, हेलकावे खात आत गेली. इतक्या साध्या आवाजात इतकं मोठं काम होतं, हे धाकटीला खरंच वाटेना.

"आता पुस्तिका कुठे ठेवू?" तिने नवऱ्याला विचारलं.

"हातात धर," तो म्हणाला. "धर की. लपवायचं काय आहे?"

तिने हातात धरल्या. उघड्यावर, सगळ्यांना दिसतील अशा. पहिली काही पावलं फार अवघड गेली. मग सवय झाली.

विमानात ठकी झोपली ती उतरेपर्यंत. तिकडच्या अधिकाऱ्याने पुस्तिका हातात घेतली, पानं उलटली. सगळी कोरी होती. त्याने विचारलं, कुणाकडे चाललात?

"आईकडे," धाकटी म्हणाली.

त्याने एक पान निवडलं आणि शिक्का मारला. मग ठकीच्या पुस्तिकेत मारला. ठकी त्या आवाजाने जागी झाली.

बाहेर दाराशी दादा माणसांच्या डोक्यांवरून हात हलवत होता. आणि त्याच्या पुढे, कठड्याला घट्ट धरून, आई. फोनच्या काचेत आई मोठी दिसायची. इथे ती लहान होती, धाकटीच्या खांद्याएवढी. धाकटी तिच्यापर्यंत कशी पोचली, ढकलगाडी कुणी सांभाळली, काही आठवत नाही. ठकी आईच्या हातात गेली एवढंच तिला कळलं.

ठकीला परकी माणसं चालत नसत. तिने ओठ काढले, रडायची सगळी तयारी केली. मग आजीची हनुवटी दिसली. ओळखीची, पडदाभर असायची तीच. तिने त्या हनुवटीवर पंजा ठेवला आणि पक्की धरली.

आईने नातीच्या डोक्यावर हात ठेवला. बोटं टाळूवरून मागे मानेपर्यंत नेली.

"मऊ आहे गं," शेवटी म्हणाली. "वर मऊ, मागे टणक."

"अगं आई, रडू नकोस, ती पण रडेल."

"मी कुठे रडतेय? तूच रडतेस." आणि मग आईचा हात ठकीच्या पाठीवरून खाली गेला, जॅकेटच्या उघड्या कडेशी थबकला, दोन बोटं आत गेली. तिने लेकीकडे पाहिलं आणि एकदम हसू फुटलं. "विहीणबाई अजून शिवतात वाटतं? मी आमचे कागद दादाच्या टोपीत घातले होते. हा येडा भर गर्दीत टोपी उडवून खेळत होता."

"आजवर मला कुणी सांगितलंच नाही!" दादा म्हणाला.

"सांगायचं नसतं," आई आणि धाकटी एकदमच म्हणाल्या.

घरी पोचल्यावर, चहा होईपर्यंत, आईने सुईदोरा काढला आणि जॅकेट मांडीवर घेतलं. ठकी तिच्या पायाला टेकून बसली होती. कलत होती, पण आजीचा पाय होता, त्यामुळे पडत नव्हती. धाकटीने सासूबाईंना फोन लावला, चेहरा दिसेल असा. या वेळी पहिल्याच घंटीला उचलला. म्हणजे विमानतळावरच्या त्या बोलण्यानंतर फोन टॉवेलात गेलाच नव्हता.

"पोचलो, अहो आई."

"सुखरूप? दोघी?"

"दोघी."

"कागद?"

"टेबलावर आहेत."

"टेबलावर! उघड्यावर?"

"उघड्यावर. शिक्का बसलाय त्यांवर. बघायचा आहे?"

मग सासूबाईंनी नाक ओढलं. "माझ्या हाताने घोळ झाला असता ना गं आज?"

"नाही झाला."

"जॅकेट काढलं होतं ना पण तुम्ही?"

"काढलं होतं," धाकटीने कबूल केलं, आणि दोघीही हसल्या, इतक्या की ठकी दोघींकडे, म्हणजे आईकडे आणि फोनकडे, आळीपाळीने बघायला लागली.

आईने दोऱ्याला गाठ मारली होती. "काय करू गं, बयो? पहिल्यासारखं बंद करून टाकू?"

धाकटीने जॅकेट हातात घेतलं. आतली जागा पुस्तिकेच्या बरोब्बर मापाची होती. बंद करायला जीव होईना.

"बंद नको. कडा दुमडून घे आणि एक बटण लाव. खिसा होईल."

"बटण?" फोनमधून सासूबाई कडाडल्या. "बटण तर कुणीही उघडेल!"

"मीच उघडेन, अहो आई," धाकटी म्हणाली. "परत येताना."

सासूबाई जरा विचारात पडल्या. "मग जरा मोठं लावायला सांग विहीणबाईंना," त्या म्हणाल्या. "घाईत सापडलं पाहिजे."

आई डब्यातली बटणं ताटलीत ओतून मोठंसं शोधायला लागली. ठकीने त्यातलं एक उचललं आणि थेट तोंडात घातलं, आणि तिघी बायका, दोन इथल्या आणि एक तिकडची, एकाच वेळी ओरडल्या.